कार्डामागचे खुनी

असम्प्टाची पुस्तकं घरातून गेली हे कॉन लूसीला कळलं तो मंगळवार होता. असम्प्टा स्वतः गेली त्याला त्या दिवशी पाच आठवडे झाले होते, आणि आता घरातून जाण्यासारखं काही उरलेलं नाही असा कॉनचा समज झाला होता.

तो केस कापायला गेला होता. त्याच्या डोक्यावर जे काही होतं त्याला दहा मिनिटं पुरली असती, पण न्हाव्याला वाईट वाटत होतं, आणि वाईट वाटू लागलं की न्हाव्याची कात्री थांबते. तासाभराने कॉन घरी आला तर बैठकीची खोली रिकामी. म्हणजे खुर्च्या होत्या, टीव्ही होता, भिंतीवर पोप होते. पण खिडकीजवळच्या भिंतीला जमिनीपासून छतापर्यंत जी पुस्तकं होती त्यांच्या जागी नुसत्या फळ्या होत्या, आणि फळ्यांसमोर हातात फडकं घेऊन त्याची मेहुणी डिम्फना उभी होती.

"बघ, खोली कशी मोठी वाटायला लागली," ती म्हणाली.

"पुस्तकं कुठायत?"

"दिली. पुलापलीकडच्या धर्मादाय दुकानात. अरे, दोनशे खून घरात ठेवून माणूस सावरणार कसा? फादर पण म्हणाले, हळूहळू आवराआवर करा."

"हळूहळू म्हणाले ना?"

"मग? तीन खेपा केल्या मी. एका खेपेत नेली असती तर बोल."

कॉन खुर्चीवर बसला. डिम्फनाशी वाद घालायचा तर माणसाला आधी नीट जेवलेलं असावं लागतं, आणि पाच आठवड्यांत तो नीट जेवला नव्हता.

असम्प्टाला खुनाच्या कादंबऱ्यांचं वेड होतं. तेही आपल्याच देशातल्या, आणि त्यातही शहरातल्या. डब्लिन, बेलफास्ट, गॉलवे, आणि आपलं कॉर्क असलं तर सोन्याहून पिवळं. गावाकडच्या खुनात तिला रस नव्हता. ती म्हणायची, "गावात कुणी केला ते पहिल्याच दिवशी सगळ्यांना माहीत असतं, फक्त बोलत कुणी नाही. शोधायचं म्हटलं की शहरच लागतं."

कॉनने चौतीस वर्षं याच शहरात बस चालवली होती. संध्याकाळी असम्प्टा मोठ्याने वाचायची आणि तो अर्ध्या कानाने ऐकायचा, ते मुख्यतः रस्त्यांच्या चुका काढायला. एका कादंबरीत खुनी पॅट्रिक्स हिलच्या माथ्यावर बसमधून उतरतो हे ऐकून तो दोन दिवस नीट झोपला नव्हता. त्या चढावर बस नेणारा ड्रायव्हर खुन्यापेक्षा धोकादायक म्हणायला हवा.

तर असम्प्टाची एक रीत होती. पुस्तक तीनचतुर्थांश झालं की ती थांबायची आणि खुनी कोण याचा आपला अंदाज लिहून पुस्तकात घालून ठेवायची. मग पुढचं मनातल्या मनात वाचायची. संपलं की पुस्तक फटकन मिटून म्हणायची, "बरोबर निघाला माझा! ऊठ, चहा तुझा." कॉन उठायचा. तीस वर्षं उठत होता.

हा अंदाज ती लिहायची स्मृतिकार्डाच्या मागे. गल्लीतल्या प्रत्येक घरात असतो तसा त्यांच्याही घरात बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा होता, आणि त्यात बिस्किटं सोडून मेलेली माणसं होती. कुणी गेलं की वर्षाच्या आत घरचे कार्ड छापून वाटतात. पुढे फोटो, तारखा, एक प्रार्थना. मागे कोरं. ते फेकता येत नाही, जाळता येत नाही, भिंतीवर तरी किती लावणार? असम्प्टाने त्यांच्या पुस्तकातल्या खुणा केल्या. "नाहीतरी डब्यात पडूनच आहेत बिचारे," ती म्हणायची. "जरा वाचतील तरी."

पुस्तकांचं कॉनला फार काही नव्हतं. तो हादरला तो कार्डांपायी. फ्रिजवरची सामानाची यादी डिम्फनाने दुसऱ्याच आठवड्यात पुसून काढली होती. फोन नंबरांची वही असम्प्टाने हॉस्पिटलात हरवली होती. घरभर हिंडून त्याने पाहिलं. तिच्या हातचं लिहिलेलं एक अक्षर घरात नव्हतं. जे होतं ते दोनशे मेलेल्या माणसांच्या पाठीवर होतं, आणि ती माणसं पुलापलीकडे गेली होती.

दुकानातल्या बाई फार समजूतदार होत्या. "कार्डं ना? ती आम्ही काढून घेतो हो. पुस्तक उघडलं आणि आतून कुणाची मावशी बघायला लागली की गिऱ्हाईक दचकतं."

"मग कुठे टाकली?"

"टाकली?" बाईंनी छातीवर क्रूस काढला. "चर्चच्या ऑफिसात पोचवली."

चर्चचं ऑफिस लोकांसाठी फक्त सोमवारी आणि गुरुवारी दहा ते बारा उघडं. तो बुधवार होता. गुरुवारी दहाला पाच कमी असताना कॉन दारात हजर झाला, आणि नुआला नावाच्या सेक्रेटरीने त्याच्यापुढे 'मृतासंबंधी चौकशी' असा फॉर्म सरकवला.

"मृताचं नाव?"

"साधारण दोनशे आहेत."

नुआलाने पेन खाली ठेवलं. मग तिला आठवलं. ती कार्डं! हो हो, आलेली. काहीच अडचण नाही, काल बसून सगळी मार्गी लावली. ज्यांच्या घरचे पत्ते रजिस्टरात सापडले त्या एकतीस घरी पाकिटात घालून पोस्टाने पाठवून दिली. कुठेतरी पडून राहण्यापेक्षा आपल्या माणसांत गेलेली बरी.

"आणि बाकीची?"

"फादरांनी प्रार्थना म्हणून बागेत पुरली. गुलाबांच्या बाजूला. आशीर्वादित वस्तू आहेत, रद्दीत देता येत नाहीत."

म्हणजे असम्प्टाचं अक्षर तिच्यामागोमाग गेलं. कॉनने कोरा फॉर्म तिच्याकडे परत सरकवला. म्हणाला, "मागे काही लिहिलेलं होतं. बघितलं नाहीत?"

"मिस्टर लूसी," नुआला ताठ होऊन म्हणाली, "दुसऱ्यांच्या मेलेल्या माणसांच्या मागे बघायची आमच्या ऑफिसची पद्धत नाही."

शुक्रवारी सकाळी टपाल आलं.

शेजारच्या ट्वोमीबाईंचा नवरा बॅट चाळीस वर्षं औषधांच्या दुकानात पुड्या बांधत होता आणि रविवारी चर्चमध्ये दानाची टोपली फिरवायचा. सहा वर्षांपूर्वी एका दुपारी हातात चहाचा कप असतानाच तो खुर्चीत गेला. असा सज्जन माणूस. बाईंनी पाकीट उघडलं, बॅटचा फोटो पाहून त्यांना भरून आलं, आणि त्यांनी कार्ड उलटं केलं. मागे निळ्या शाईत लिहिलं होतं : "पा. २१४. हाच. विष, चहातून. बायकोला पहिल्यापासून ठाऊक."

गल्लीच्या टोकाला राहणाऱ्या कोकली मास्तरांना त्यांच्या थोरल्या भावाचं कार्ड आलं : "पा. १९०. हाच. पैशासाठी. प्रेत नदीत." आणि साठ वर्षं आजाऱ्यांची सेवा केलेल्या सिस्टर कॉन्सेप्टा यांच्या भाचीच्या घरी जे पोचलं त्यावर होतं : "पा. २३३. हिनेच दोन केले. तिसरा करणार."

दुपारपर्यंत नऊ घरं पोलीस चौकीवर जाऊन आली होती. बाकीची बावीस गप्प बसली. त्यांच्या घरी काय लिहून आलं होतं आणि ती का गप्प बसली, याचाही विचार लोक करू लागले.

ट्वोमीबाईंनी मात्र अक्षर ओळखलं. वीस वर्षं असम्प्टाकडून येणाऱ्या ॲपल पायवर चिकटवलेल्या चिठ्ठ्या त्यांनी वाचल्या होत्या. त्या कॉनच्या दारात येऊन उभ्या राहिल्या.

"कॉन लूसी, तुमच्या बायकोने माझ्या बॅटला काय म्हटलंय ते बघा. आणि मलाही! आणि हा नंबर बघा, दोनशे चौदा. बॅटच्या कबरीचा नंबर दोनशे चौदा नाहीच मुळी!"

"तो पानाचा नंबर आहे, ट्वोमीबाई. कादंबरीतल्या."

"माझा बॅट कादंबरीत कशाला जाईल?"

कॉनने समजावलं. बाईंनी ऐकलं आणि म्हणाल्या, "हे तुम्ही आत्ता बनवलंत." आणि गेल्या. बनवलेलं तर नव्हतं, पण मोठ्याने बोलल्यावर ते बनवल्यासारखंच लागत होतं, हे कॉनलाही मान्य करावं लागलं.

मग सल्ले सुरू झाले. बस थांब्यावर एकाने सांगितलं, वकील गाठ. दुसरा म्हणाला, वकील गाठलास तर लोक म्हणतील, नक्कीच काहीतरी काळंबेरं आहे. डिम्फनाचं म्हणणं, सरळ नाकबूल हो, अक्षर असम्प्टाचं नाहीच म्हण. चिठ्ठ्या लिहून माणसांना छळणारी बाई म्हणून गल्ली असम्प्टाची आठवण काढणार, या विचाराने कॉनला अन्न गोड लागेना. नाव तिचं होतं, पण ते सांभाळायला आता तो एकटाच होता. सोमवारी तो कोट घालून चौकीवर गेला.

सार्जंट ओर्ला क्रीडन यांनी सगळं शांतपणे लिहून घेतलं.

"म्हणजे लिहिणारी मृत."

"हो."

"कार्डावरची माणसंही मृत."

"हो."

"आणि ज्यांचे खून झाले ती?"

"ती पुस्तकातली."

"बरं. म्हणजे या सगळ्या प्रकरणात जिवंत फक्त तुम्ही." त्यांनी पान उलटलं. "नऊ तक्रारी आहेत, मिस्टर लूसी. त्या बंद करायच्या तर पुरावा लागेल. कुठलं कार्ड, कुठलं पुस्तक, कुठलं पान."

"तुम्ही वाचता का असली पुस्तकं?"

"एक वाचलं होतं. तीनशे पानांत एकाही पोलिसाने एक फॉर्म भरला नाही. सोडून दिलं."

नऊ कार्डं पुराव्याच्या पाकिटात गेली, आणि नऊ फोटोकॉप्या घेऊन कॉन घरी आला. आयुष्यात त्याने बसचं वेळापत्रक आणि घोड्यांच्या शर्यतीचं पान यापलीकडे काही मन लावून वाचलेलं नव्हतं. दुकानात उरली होती ती पुस्तकं त्याने परत आणली, बाकीची लायब्ररीतल्या बाईंनी कुठून कुठून मागवून दिली, आणि नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात तो खिडकीजवळच्या खुर्चीत चष्मा लावून बसला.

वाचता वाचता त्याची काही मतं झाली. पहिलं म्हणजे, या कादंबऱ्यांत पाऊस थांबतच नाही. यावर त्याची तक्रार नव्हती. दुसरं, तपास करणाऱ्याला घरी येताना दूध आण म्हणून सांगणारं कुणी नसतं. ज्याची बायको वारलेली असते तो व्हिस्की पितो आणि त्यातून त्याला खुनी सापडतो. कॉनने एका दुपारी व्हिस्की पिऊन पाहिली. त्याला जळजळ सापडली. तिसरं, बायको वारलेल्या त्या माणसांना कुणीच विचारत नाही की तिच्या चपला अजून दाराशी का आहेत. लेखकांना ते माहीत नसावं.

कार्डावर पुस्तकाचं नाव नव्हतं, अर्ध्या कानाने ऐकलेलं आठवून पानाचा नंबर ताडून पाहायचा; पहिलं पुस्तक जुळायला नऊ दिवस लागले. प्रेत नदीत, पैसा, सगळं होतं. पान एकशे नव्वदवर डॉक्टरचा संशय येतो. कॉन खूश झाला. एवढी पानं वाचलीच आहेत तर शेवट बघू म्हणून तो पुढे गेला. खुनी डॉक्टर नव्हताच. खुनी मयताची बहीण निघाली.

असेल. एखादा अंदाज कुणाचाही चुकतो.

दुसऱ्यात असम्प्टाने नर्सवर बोट ठेवलं होतं. नर्स तिसरा खून करणार होती म्हणे. ती बिचारी चोविसाव्या प्रकरणात स्वतःच मेली. तिसऱ्यात घरमालक, चूक. चौथ्यात फादर, साफ चूक. पाचवं वाचून झालं तेव्हा कॉनने चष्मा काढला आणि समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं.

"बरोबर निघाला माझा," तो मोठ्याने म्हणाला. "वा गं वा!"

तीस वर्षं! गुडघा दुखत असताना उठला होता तो. एकदा ताप असताना उठला होता. दर वेळी चहा नेऊन दिल्यावर ही बाई कप हातात घेऊन, डोळे मिचकावून म्हणायची, "डोकं लागतं कॉन, डोकं." ती गेल्यापासून पहिल्यांदाच त्याला तिचा राग आला. चांगला खणखणीत राग. त्या दिवशी तो दोन अंडी खाऊन झोपला आणि त्याला झोप लागली.

आठवं पुस्तक डिसेंबरात संपलं. आठही चूक.

आता इथे सरकारी कामाची खरी गंमत. सार्जंट क्रीडन यांनी आठ कार्डं आणि आठ पुस्तकं टेबलावर जोड्यांनी मांडली, शेवटची पानं वाचली, आणि म्हणाल्या, "जुळत नाही. कार्ड म्हणतं डॉक्टर. पुस्तक म्हणतं बहीण."

"कारण तिचा अंदाज चुकला."

"इथेही?"

"हो."

"आठपैकी आठ?"

"हो, सार्जंट."

"तसं निवेदनात लिहावं लागेल. तुमच्या सहीने. आणि त्याची प्रत प्रत्येक तक्रारदाराला जाईल."

कॉन विचार करायला मुदत मागून आला. विचार करण्यासारखंच होतं. गल्लीत असम्प्टा हुशार म्हणून प्रसिद्ध होती. गॅसचं बिल समजलं नाही की लोक तिच्याकडे यायचे. कुणाचं मांजर कुणाच्या घरी जेवतं हे ती सांगायची. नुसती हुशार नाही, कधी न चुकणारी. तिचं नाव वाचवायचं, तर त्या नावाला जे चिकटलं होतं तेच खरवडून काढायला हवं होतं.

डिम्फना भडकली. "माझ्या मेलेल्या बहिणीला तू मूर्ख ठरवणार? लेखी?"

"नाहीतर ती दुष्ट ठरते, डिम्फना."

"ठरू दे! दुष्ट बाईला लोक निदान मान देतात."

हे म्हणणं अगदीच चुकीचं नव्हतं. कॉनने त्यावर चार दिवस घालवले. पाचव्या दिवशी चौकीवर जाऊन सार्जंटने टाइप केलेल्या कागदावर त्याने सही केली : माझी दिवंगत पत्नी असम्प्टा लूसी हिने वरील आठ कादंबऱ्यांतील खुनी ओळखण्याचा प्रयत्न केला व ती आठही वेळा चुकली, त्यामागे कोणाचीही बदनामी करण्याचा हेतू नव्हता. सही करताना त्याला आपण शाळेतून तिचं प्रगतिपुस्तक आणायला आल्यासारखं वाटलं.

गल्लीने हे जरा जास्तच मनावर घेतलं. आठवडाभर लोक हसत होते. कोकली मास्तरांनी प्रत फ्रेम करून लावली. पण ते हसणं आपलं होतं. आजीच्या कवळीला हसावं तसं. आठही घरी कॉन कार्डं परत द्यायला गेला, आणि आठही घरांनी ती त्याच्याच हातात ठेवली.

"ठेव रे तुझ्याकडे," सिस्टर कॉन्सेप्टा यांची भाची म्हणाली. "आमच्याकडे अजून चाळीस पडलीत. आणि मावशीला आवडलं असतं. साठ वर्षांत तिच्यावर कुणी कसला संशय घेतला नव्हता."

राहिलं ट्वोमीबाईंचं. त्यांचं पुस्तक लायब्ररीला मिळायला जानेवारी उजाडला. डब्लिनच्या उत्तर भागातलं, जाडजूड. कॉनने ते चार दिवसांत वाचलं. आता त्याला सवय झाली होती. पान दोनशे चौदावर म्हातारा औषधवाला चहा ओततो. कॉनला वाटलं, हे फारच उघड आहे, लेखक आपल्याला फसवतोय, खुनी पुतण्या असणार. तो पुढे वाचत गेला. शेवटच्या प्रकरणात औषधवाल्याने कबूल केलं. विष चहातून. आणि बायकोला पहिल्यापासून ठाऊक होतं.

कॉनने शेवटचं पान पुन्हा वाचलं. मग तो उठला आणि त्याने चहा केला. हरलेल्याने करायचा असतो.

सार्जंट क्रीडन यांनी नववी तक्रार बंद केली. "हे मात्र जुळलं," त्या म्हणाल्या, आणि कार्ड त्याच्या हातात दिलं. "तुम्ही शेजारीच राहता. पोचवा."

आता अडचण अशी होती की ट्वोमीबाईंकडे चाळीस पडलेली नव्हती. त्यांनी सढळ हाताने वाटली होती, आणि शेवटचं उरलेलं चुकून असम्प्टाला दिलं होतं. छापखाना बंद पडला. ज्या फोटोवरून छापलं तो फोटो पुतणीने नेला आणि घर बदलताना हरवला. टोपली फिरवणाऱ्या बॅटचा, टाय लावलेला, हसणारा असा तो एकच चेहरा उरला होता. त्यांनी कुंपणावरून तीनदा विचारलं होतं. पहिल्यांदा रागाने, दुसऱ्यांदा नुसतं, आणि तिसऱ्यांदा ॲपल पायची बशी हातात घेऊन.

"कॉन, माझं कार्ड मिळालं का हो?"

"सार्जंटकडेच आहे," कॉन म्हणाला होता. तेव्हा ते त्याच्या कोटाच्या खिशात होतं.

"घाई नाही," बाई म्हणाल्या. "म्हणजे, आहे. पण तुम्हाला नाही सांगत."

सार्जंटने दिलेली फोटोकॉपी घरात होती, पण तिचा काही उपयोग नव्हता. असम्प्टा पेन दाबून लिहायची. कार्डाच्या पुढच्या बाजूने बॅट ट्वोमीच्या कपाळावर अंगठा फिरवला तर तिची अक्षरं उलटी बोटाला लागतात. फोटोकॉपीवर नुसता कागद लागतो. पुढची बाजू ट्वोमीबाईंची आहे, यात कॉनला शंका नाही. मागची त्याची आहे. ती एकच बरोबर आलेली आहे. कार्ड पातळ आहे, दोन होत नाही.

सात वेळा तो कोट घालून दारापर्यंत गेला. शेजारचं फाटक त्याच्या फाटकापासून अकरा पावलांवर आहे. ट्वोमीबाईंच्या स्वयंपाकघरात दिवा असतो, त्या घरी असतात.

आज फेब्रुवारीची नऊ तारीख. ट्वोमीबाईंचं कार्ड अजून द्यायचं आहे.